सहावा नकार

कटलर्स आर्म, न्यूफाउंडलंड
शनिवार, ३ नोव्हेंबर २०१८

कोरी,

आधी काय घडलं ते क्रमाने लिहिते.

१. गाव उठवायचं की ठेवायचं, याचं मतदान १२ ऑक्टोबरला शाळेच्या रिकाम्या खोलीत झालं. मतदार पन्नास. सरकारने पैसे देऊन आपल्याला हलवावं यासाठी शंभरात नव्वद, म्हणजे पंचेचाळीस होकार लागणार होते.

२. २२ तारखेला मोजणी झाली. होकार चव्वेचाळीस, नकार सहा. गाव राहिलं.

३. पाच नकार कोणाचे ते सगळ्यांना ठाऊक आहे. हेडली काकाने स्वतःचा आणि घरच्या चौघांचा नकार मतदानाआधीच शाळेच्या पायरीवर उभं राहून ओरडून सांगितला होता.

४. सहावा कोणाचा ते कोणी सांगितलं नाही.

५. दोन दिवसांनी क्लाइडच्या दुकानात गावाने ठरवलं, की तो एफी मावशीचा.

६. त्याच दुपारी सेल्बी स्किनरने एफी मावशीचं दार वाजवलं.

सहाव्या मुद्द्यावर तुझे आल्बर्टातले सोबती हसतील. तू हसणार नाहीस. आपल्याकडे दार वाजवतो तो पोलीस, नाहीतर नवा पाद्री, नाहीतर नाताळातली सोंगं. बाकीचे कडी उघडतात, बुटांवरचं बर्फ झटकतात आणि चुलीजवळच्या आपल्या ठरलेल्या जागी बसतात. सेल्बी तिच्या शेजारी जन्मला. मी तिथेच होते, तिचा मीटर बदलत होते.

"कोण आहे?" मावशी आतून ओरडली. "पोलीस का?"

"मी, सेल्बी."

"मग आत ये की मेल्या. हात मोडले का तुझे?"

"नको. तुझं पातेलं द्यायला आलो होतो. इथे पायरीवर ठेवतो."

तिने दार उघडेपर्यंत तो फळ्यांच्या वाटेवरून खाली उतरला होता. मावशीने पातेलं उलटसुलट करून पाहिलं. "घासून दिलंय," ती म्हणाली. "सेल्बीच्या घरून घासलेलं भांडं आलं म्हणजे काहीतरी वाईट झालंय."

तिच्यावर संशय का, तर तिने जूनमध्ये घराला रंग दिला. दुकानात क्लाइड म्हणाला, "ज्याला जायचंय तो कशाला शिडीवर चढेल?" सगळ्यांनी माना हलवल्या. आईनेही हलवली. मी तिच्या शेजारी उभी होते.

आता माझा मुद्दा. तू कामापुरता बाहेर, तुझा पत्ता आणि मत इथलंच, म्हणून मतदानासाठी घरी आलास. १५ तारखेला बोटीवर चढताना आईला मिठी मारून मला म्हणालास, "आता हे गाव कुठे जात नाही." मी ते थट्टेत घेतलं. पण तेव्हा मोजणी व्हायची होती. हेडली काकाचे पाच नकार वजा जाऊनही पंचेचाळीस होकार पुरतात, म्हणून सगळे जण धरून चालले होते की गाव उठणार. तुला एकट्यालाच खात्री होती.

मोजणीनंतर मी फोन करून तुला सरळ विचारलं. तू फोन ठेवलास, आणि तेव्हापासून उचलत नाहीस. म्हणून पत्र.

तुझं मत तुझं. त्याबद्दल माझी तक्रार नाही. पण त्याची किंमत एफी मावशी देते आहे, सगळ्या गावाची मावशी आणि आपली सख्खी आत्या, हे तुला कळायला हवं.

ट्रिना

रविवार, २५ नोव्हेंबर

कोरी,

उत्तर आलं नाही. पत्र मिळालं असं धरून पुढे लिहिते.

तुला यंत्रांचा कंटाळा आहे, तरी एवढं वाच. वीजघरात दर हिवाळ्यात रोज संध्याकाळी सातच्या सुमाराला विजेचा भार खाली यायचा. मी कामाला लागले तेव्हा मला वाटलं मापक बिघडलाय. मग लक्षात आलं, की त्या वेळेला निम्मी घरं काळोखात असतात. बाया पत्ते खेळायला एफी मावशीकडे, पुरुष क्लाइडकडे नाहीतर हेडली काकाच्या होडीघरात. चार दिव्यांत सगळं गाव मावायचं.

या महिन्यात सातचा भार खाली येत नाही. माणसं तेवढीच आहेत, थंडीही तेवढीच. मी तारा तपासल्या, दोन्ही इंजिनं तपासली. मग बाहेर येऊन टेकडीवरून पाहिलं. प्रत्येक खिडकीत दिवा होता. प्रत्येक जण आपापल्या घरात, आपापल्या टीव्हीसमोर.

आणि कोणी स्वस्थ नाही. सेल्बी होडी विकतो म्हणून पाटी लावतो, दोन दिवसांनी काढतो. क्लाइडने माल मागवणं थांबवलं होतं, मग मागवला, आता त्याच्याकडे कांदे सडताहेत आणि पीठ नाही. आईने चिनी मातीच्या बशा वर्तमानपत्रात गुंडाळून खोक्यात भरल्या. मग रविवारी कोणी आलं तर म्हणून पुन्हा काढल्या. कोणी आलं नाही. काल पुन्हा गुंडाळल्या. मी विचारलं, "जायचं ठरलं का?" तर म्हणाली, "मला काय विचारतेस, वाऱ्याला विचार." हेच चाललंय सगळीकडे. उभ्या उभ्या जेवल्यासारखं.

गेल्या शनिवारी चर्चचं जेवण झालं. तुला आठवत असेल, फळांचं सारण भरून भाजलेला पाय कोणाच्या घरचा हे कधी विचारावं लागत नाही. कडेच्या मुरडीवरून कळतं. एफी मावशीचा पार्ट्रिजबेरीचा पाय नेहमी सगळ्यांत आधी संपतो. या वेळी शेवटपर्यंत सुरी लागली नाही. त्याच्या दोन्ही बाजूंचे संपले, तो मध्ये अख्खा. मावशी टेबलाच्या पलीकडे चहा ओतत होती. तिला दिसत होतं, आणि तिला दिसतंय हे सगळ्यांना दिसत होतं.

मी एक मोठा तुकडा कापला, खाल्ला. दुसरा कापला. तिसऱ्याला क्लाइडची बायको डोरीन म्हणाली, "पोरी, पोट बिघडेल."

"तुझ्या पायने बिघडलंय," मी म्हटलं, "यावर उतारा घेतेय."

कोणी हसलं नाही. हेडली काका मात्र काठी टेकत आला आणि त्यानेही ताटलीत तुकडा घेतला. मग सगळ्यांना ऐकू जाईल असा बोलला, "काय रे, माझ्याशी सगळे गोड बोलता. मी तर पाच नकारांचा धनी. निदान पाच शिव्या तरी द्या!"

"काका, तू तोंडावर सांगितलंस," क्लाइड म्हणाला. "तुझं तुझ्यापाशी. लपून सुरी मारणारा वेगळा."

"आणि ती लपली असं तुला कोणी सांगितलं? तिच्या घराच्या रंगाने?"

एफी मावशीने क्लाइडच्या कपात चहा ओतला. तोही त्याने तसाच ठेवला.

मला यातली एक गोष्ट नीट कळत नाही, म्हणून तुला विचारते. हेडली काकाने गाव अडवलं, उघडपणे अडवलं, आणि त्याला कोणी काही म्हणत नाही. मग लोक नक्की कशावर चिडलेत? नकारावर नाही. इतकी वर्षं आपल्याला एकमेकांचं सगळं माहीत होतं. कोणाच्या घरी काय शिजतंय, कोणाचं कोणावर मन आहे, कोण मेल्यावर कोण खरं रडलं. हे एकच माहीत नाही. बहुतेक तेवढंच सहन होत नाही त्यांना. म्हणून त्यांनी एक नाव बसवून टाकलं.

ट्रिना

रविवार, १६ डिसेंबर

कोरी,

तुझं खोकं गुरुवारच्या बोटीने आलं. आईला चॉकलेटं आवडली. माझ्यासाठीची चिठ्ठी मी एकटीने वाचली. "कुणी विचारलं तर मी हो म्हणालो असं सांग. आईला जप." दोन वाक्यं. दीड महिन्याला दोन.

तर मी बरोबर होते.

तसं मी सांगणार नाही. मला कोणी विचारलेलंही नाही. तुझं नाव कोणाच्या मनातही आलेलं नाही, कारण बाहेर राहणाऱ्यांना सरकारचा पैसा हवा असणार, असं सगळे गृहीत धरतात. मीही धरलं होतं.

तू नाही का म्हणालास, यावर मी बराच विचार केलाय. तू तिथे कंपनीच्या छावणीत राहतोस. खोलीला क्रमांक आहे, शेजाऱ्याला नाव नाही, दर तीन आठवड्यांनी शेजारी बदलतो. कोणी विचारलं कुठला, तर तुला एक नाव घ्यायचं असतं, आणि त्या नावाचं गाव जागेवर असायला हवं असतं. हे मला कळतं. पण तुला गाव हवंय ते नाव घेण्यापुरतं. मला ते रोज सुरू ठेवावं लागतं. जानेवारीत समुद्र खवळला की डिझेल येत नाही, मग मी शाळेची आणि होडीघरांची वीज तोडते आणि शिव्या खाते. परिचारिका हेलिकॉप्टरने येते, धुकं असलं की येत नाही. मासे गेले तेव्हा तू सात वर्षांचा होतास. मासेमारीवरची बंदी दोन वर्षांची म्हणाले होते, ती अजून आहे. शाळेत शेवटी एक मूल होतं, आता तेही नाही. गेलेल्यांनी थांबा म्हणायचं आणि थांबलेल्यांनी जाऊ द्या म्हणायचं, हा उलटा न्याय आहे.

मी होकार दिला. तू विचारलं नाहीस, तरी सांगते. मला इथून जायचंय.

एफी मावशीने काय मत दिलं, हे मी तिला विचारलं नव्हतं. मंगळवारी तिच्याकडे चहा पीत होते. हल्ली तिच्याकडे मी आणि हेडली काका, दोघंच. ती आपणहून बोलली.

"हो म्हटलं मी," ती म्हणाली. "हा गुडघा घेऊन आणखी किती हिवाळे त्या वाटेवरून चढू?"

"मग रंग कशाला दिलास?"

ती माझ्याकडे अशी बघत राहिली जशी मी चमचा कशाला असतो असं विचारलंय. "अगं, कायमचं सोडायचं घर. ते काय पोपडे उडालेलं सोडू? मेलेल्या माणसालासुद्धा आपण धुऊन, चांगला कोट घालून पाठवतो."

"हे दुकानात जाऊन सांग."

"का सांगू? साठ वर्षं ज्यांना चहा पाजला, त्यांच्यापुढे शपथ घेऊ? त्यांनी यावं, बसावं, विचारावं. कडी उघडी आहे."

विचारायला कोणी येत नाही. आणि मी सांगितलं तर काय होईल, हे मी तपासून पाहिलंय. मला विचारतील, एफीने नाही तर मग कोणी? मी गप्प राहिले तर म्हणतील पोरगी म्हातारीला वाचवतेय. तुझं नाव घेतलं तर तू तिकडे आहेस, सुरक्षित. इथे आहे ती आई. तिच्या दारात पातेली घासून ठेवायला लागतील. तिला मी ते करू शकत नाही. तू "आईला जप" लिहिलंस, तेव्हा तुलाही हेच ठाऊक होतं.

म्हणून हे तुझ्यावर आहे. माझ्या तोंडून निघालं तर चहाडी ठरेल. तुझ्या तोंडून निघालं तर तो हेडली काकासारखा नकार होईल. त्याला इथे जागा आहे, हे मी तुला मागच्या पत्रात दाखवलंय.

ट्रिना

सोमवार, ७ जानेवारी २०१९

कोरी,

नाताळात तू फोन केलास तेव्हा फक्त आईशी बोललास. मी शेजारी उभी होते. असो.

काल नाताळाचा बारावा दिवस, सोंगांची शेवटची संध्याकाळ होती. जेवण करून मी एफी मावशीकडे बसले होते. तिने केक कापून ठेवला होता, सरबताच्या बाटल्या काढल्या होत्या. मी म्हटलं, "मावशी, या वर्षी कोणी येणार नाही."

"नाताळ आहे," ती म्हणाली. "केक करायचा असतो, केला."

आणि दार वाजलं. काठीने, तीन वेळा. मग श्वास आत ओढून काढलेला तो घोगरा आवाज, "सोंगांना आत घेता का?"

मावशी उठली ती गुडघा विसरून. सात जण आत आले. तोंडावर पडद्याचं कापड, अंगावर उलटे कोट, पोटाला-पाठीला उशा बांधलेल्या, पुरुषांना बायकांचे झगे, बायकांना रबरी मासेमारीचे बूट. मला आधी कळेना, हे आले कसे? मग कळलं. तोंड झाकलेलं होतं म्हणून आले. गेले अडीच महिने त्यांना यायचंच होतं.

एकाने बाजा काढला. ते नाचले. चुलीवरची किटली हलत होती. मावशी टाळ्या वाजवत होती, आणि मी तिला इतकं हसताना ऑक्टोबरपासून पाहिलं नव्हतं. मग नेहमीप्रमाणे ओळखायचा खेळ सुरू झाला. तिने बाजावाल्याच्या पोटाला काठी टोचली.

"ही उशी नाही, हे क्लाइडचं पोट आहे. खऱ्याला खोट्याने झाकायला कशाला जातोस? आणि तू डोरीन. तू नाचताना डावा पाय आधी टाकतेस. हा लांबडा सेल्बी. मेल्या, माझाच झगा आहे तो, गेल्या वर्षी नेलास तो परत दिला नाहीस."

ओळखलं की पडदा वर करायचा आणि केक घ्यायचा. ही रीत आहे. लहानपणी तू पडदा वर केला नाहीस म्हणून बाबांनी तुला रागावलेलं आठवतं, "ओळखलं की माणूस व्हायचं."

क्लाइडने पडदा वर केला नाही. डोरीननेही नाही. सेल्बीचा हात कापडापर्यंत गेला आणि तिथेच राहिला.

मावशीचं हसू हळूहळू थांबलं. ती शेवटच्या सोंगासमोर आली. ते दारापाशी उभं होतं, नाचलं नव्हतं. अंगावर बाबांचं तेलकट जाकीट होतं. मी ते आत येतानाच ओळखलं होतं.

"मेल्वीना," मावशी म्हणाली. "तुला ओळखायला मला जाकीट लागत नाही. माझ्याच भावाची बायको तू. तो बुडाला तेव्हा आपण दोघी अकरा दिवस त्या टेकडीवर उभ्या होतो. वर कर ते."

आईने पडदा वर केला नाही.

मग क्लाइड वळला आणि सगळे त्याच्या मागून निघाले. आई सर्वांत शेवटी. केकचा एकही तुकडा उचललेला नव्हता. मावशीने दार लावलं आणि कडी घातली. त्या दाराला आतून कडी आहे, हे मला काल कळलं.

"गुरुवारी २४ ची बोट," ती म्हणाली. "मी गँडरला पॉलाकडे जाते. लेकीच्या घरी एक खोली रिकामी आहे. मी गेले की यांचं गणित सुटेल."

सुटणार नाही. वसंतात पुन्हा मतदान घ्यावं असा अर्ज गेलाय. त्याआधी ती गेली तर ती इथली रहिवासी राहणार नाही. मत नाही, आणि घराबद्दल सरकार जे देणार तेही नाही. मतदार एकोणपन्नास, होकार त्रेचाळीस, तरी लागणार पंचेचाळीसच. गावाने आपला एक होकार हाकलला, आणि त्या आनंदात खोकी भरतंय. हे मी तिला सांगितलं. ती म्हणाली, "गणितासाठी इथे राहू का मी?"

घरी आले तेव्हा आई ते जाकीट अंगात ठेवूनच टेबलाशी बसली होती. मी बुटांचे बंद सोडत होते.

"तो होता ना?" आई म्हणाली.

मी दुसरा बूट काढला.

"मला ठाऊक आहे. मतदानाहून आला तेव्हा त्याने दोनदा जेवण वाढून घेतलं आणि माझ्याकडे एकदाही पाहिलं नाही. ठाऊक होतं आणि तरी मी दुकानात मान हलवली. आपलं घर सुटतंय तर सुटू दे, असं म्हटलं मी." मग म्हणाली, "ती गेली तर मी कोणाजवळ त्याच्याबद्दल बोलायचं? तुझ्या बाबांबद्दल? तुम्ही दोघं तर तेव्हा चड्डीत होता."

"मी लिहिलंय कोरीला. तीनदा."

"मला सांभाळायला म्हणून गप्प बसला असेल तर त्याला कळव, मला सांभाळू नको म्हणावं. लोक आले नाहीत तर मी एकटी चहा पिईन. आज मी त्या बाईसमोर तोंड झाकून उभी राहिले, त्याहून ते बरं."

हे तिचे शब्द आहेत. मी एकही बदललेला नाही.

सकाळी उजाडल्यावर ती जाकीट घडी घालून ठेवून एफी मावशीकडे गेली. पाऊण तासाने परत आली. आत घेतलं का, विचारलं. म्हणाली, "घेतलं. चहाही दिला. पण सामान बांधतेच आहे. म्हणाली, तू एकटी आलीस मेल्वीना, गाव आलेलं नाही."

तेव्हा गाव यायला हवं, आणि ते फक्त तू आणू शकतोस. मला तुझा खुलासा नको, माफीही नको. दोन मार्ग आहेत. एक, २४ च्या आधी स्वतः ये आणि क्लाइडच्या दुकानात उभं राहून सांग. दोन, वीजघरात फोन कर. मी तो कर्ण्याला जोडून शाळेत लावीन, सगळ्यांना बोलवीन, आणि तू स्वतःच्या आवाजात एक वाक्य म्हण. शिव्या पडतील. हेडली काका म्हणतो, पहिला आठवडा जड जातो, नंतर लोक होडी ओढायला बोलावतात.

तू काही केलं नाहीस तर मी तुझं नाव घेणार नाही. आई घेईल. तसं तिने ठरवलंय, आणि मी तिला थांबवणार नाही. पण तिने सांगितलं तर एफी मावशी तरी थांबेल की नाही, सांगता येत नाही. आईने लेकाला पुढे केलं असं होईल. तू सांगितलंस तर निदान ती ज्यांच्यासाठी केक करते, त्यांना तिच्या दारात तोंड उघडं ठेवून जाता येईल.

पत्राने उत्तर देऊ नकोस, बोट वेळेत पोचणार नाही. फोन कर. मंगळवार, २२ जानेवारी, संध्याकाळपर्यंत. मी वीजघरातच असेन.

ट्रिना